सूरघडीतली झील

मायने कोंबड्या शेजारच्या माणिकबाईला देऊन टाकल्या, तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली. दोन दिवस सांभाळायला नव्हे, देऊनच टाकल्या. वर परतवाड्याला निघायचं म्हणून हिरवं लुगडं नेसली. बाबा गेल्यापासून तिने त्या लुगड्याला हात लावला नव्हता.

"घडीच आणाले चाललो ना आपण?" मी विचारलं.

"हो."

"मंग कोंबड्या काहून देल्या?"

"अंडे खानारं कोन हाये आता घरात?"

मी खाते, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

आमच्याकडे भजनी मंडळ म्हटलं की खंजिरी आली, आणि खंजिरीच्या मागे भिंतीवर सूरघडी आली. दिसायला साधं लंबकाचं घड्याळ. पण आत पेटीचे सूर बसवलेले असतात. बुवा गात असताना चावी दिली की कमानीत नुसता ताण भरत नाही, तो गातानाचा वेळच भरतो. पुढे कधीही चावी द्या, तो वेळ खोलीत उलगडतो. मात्र घडी फक्त बुवाच्या आवाजावर लावलेली असते. त्याची ओळ ऐकू येते, पण मंडळी ती ओळ उचलून धरायची, ती झील ऐकू येत नाही. त्या जागी नुसती टिकटिक. बाहेरच्या माणसाने त्या रिकाम्या जागेत झील धरली, की घडी त्याला आपल्यातला समजते आणि आत घेते. हे आमच्याकडे शाळेआधी शिकवतात. तरी अधूनमधून कोणीतरी जातंच. जन्मभर ज्याने झील धरली, त्याला समोर आलेली ओळ तशीच सोडवत नाही.

माझे बाबा, खुशालराव, चांदूर बाजारच्या मंडळाचे बुवा. लग्न झाल्यापासून माय त्यांच्या उजव्या हाताला बसून झील धरायची. पोळ्यानंतर बाबा छातीत कळ येऊन गेले, आणि त्याच आठवड्यात त्यांची घडीही अडकली. माय बाबांपेक्षा घडीसाठी जास्त रडली, असं मला वाटलं आणि रागही आला. मायबापांपैकी एक तरी मला शिल्लक हवं होतं. माझं एवढंच मागणं होतं.

सूरघड्या दुरुस्त करणाऱ्या इफ्फतआपाचं दुकान परतवाड्याच्या स्टँडमागे आहे. आम्ही दाराबाहेर चपला काढून आत गेलो. घडी भिंतीवर टांगलेली होती.

"कमान नवी नाई टाकली," आपा म्हणाली. "जुनीच सोडवली. नवी टाकली असती तं खुशालभाऊ गेले असते त्यातून." मग तिने मायच्या लुगड्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "भाभी, घरी नेऊन आयका. चार मान्सं बसवून. इथं नोको."

"वाजते का नाई ते पाह्यल्याशिवाय कशी नेऊ?"

"मी आयकली ना."

"म्या नाई आयकली," माय म्हणाली, आणि आपा पुढे होईपर्यंत तिने चावी फिरवलीसुद्धा.

भर दुपार होती. स्टँडवर जीपवाले धारणी, धारणी म्हणून ओरडत होते. ती ओरड बारीक होत गेली आणि बाबा गायला लागले.

"उठ गा पाखरा, ऊन आलं दारी."

मी मायच्या मागे जाऊन तिच्या तोंडावर दोन्ही हात दाबले. माझ्या तळव्याखाली तिचे ओठ उघडतच होते. टिकटिक झाली, झिलेची जागा निघून गेली. बाबांनी पुन्हा ओळ टाकली. माय माझे हात ओढू लागली, तिची नखं मला लागली. एवढी ताकद तिच्यात उरली असेल असं वाटलं नव्हतं.

"माय, मी हाये ना," मी तिच्या कानात म्हणाले. "मले टाकून जाशीन काय?"

ती सैल पडली. रडत होती, माझी बोटं ओली झाली. मला वाटलं, जिंकले मी.

तेव्हा बाबांनी तीच ओळ खालच्या सुरात टाकली, लहानपणी मला उठवताना म्हणायचे तशी. माझे दोन्ही हात मायच्या तोंडावर होते. माझ्या तोंडावर कोणाचाच नव्हता.

"ऊन आलं दारी," मी म्हणाले.

इथे ऊन खरंच दारात आहे आणि ते सरकत नाही. मंडळाची सतरंजी आहे, खंजिरी आहे, बाबा आहेत. बाकी कोणी नाही. आपाने त्या दिवशी सगळी घडी धुंडाळली, ते मला आतून ऐकू येत होतं. शेवटी ती म्हणाली, "पोरगी निंघत नाई, भाभी. रोज चावी देत जा. चावी थांबली का दोघंबी थांबले."

मायने माझ्या चपला पिशवीत घालून घरी नेल्या. घडी आता आमच्या भिंतीवर आहे. रोज सकाळी ती चावी देते आणि आम्ही सुरू होतो. मधल्या वेळात आम्ही कुठे असतो, मला माहीत नाही. त्याची मला फार भीती वाटते.

बाबांना रोज ती पहिलीच सकाळ असते. गाणं झालं की ते खंजिरी खाली ठेवतात आणि उजव्या हाताकडच्या रिकाम्या जागेकडे पाहतात.

"दामिनी, तुयी माय कुठं रायली व?"

"येऊन रायली, बाबा," मी म्हणते.

बाबांचा प्रश्न तिला ऐकू जातो. घडीच्या काचेतून ती मला दिसते. पदराचा बोळा तोंडात कोंबून, वरून एका हाताने दाबून उभी असते. तिला यायचं आहे. पण ती आत आली तर बाहेरून चावी द्यायला कोणी उरणार नाही. म्हणून ती रोज ओळ ऐकते आणि जाऊ देते.

तिचे केस आता सगळे पांढरे झालेत. आज चावी फिरवायला तिला दोन्ही हात लागले.