खिज्रच्या पावलातलं पाणी

ईदीला मी काय नेसायचं यावरून आमच्या घरात दोन दिवस खल चालला होता. नवी साडी नेसले असते तर लोक म्हणाले असते, नवऱ्याचा पत्ता नाही आणि बाई नटून बसलीय. पांढरी नेसले असते तर साजिदाभाभी अंगावर आली असती, "जित्या माणसाची मय्यत काढतेस काय गं?" शेवटी जुनी निळी नेसले आणि चुलीपाशी बसून राहिले. शीरखुर्मा ढवळला, पोरांना वाढला. मी खाल्ला की नाही ते आठवत नाही.

माझं नाव रुकय्या. माहेर-सासर दोन्ही दाभोळ. माझा नवरा रफिक लाँचवर इंजिन बघायचा. दुबईच्या खाडीतून माल भरून त्यांची लाँच मस्कतकडे निघाली आणि वादळात सापडली. दोघा खलाशांच्या मय्यती किनाऱ्याला लागल्या. हनीफ म्हणून एक खलाशी पिंपाला धरून तरंगत होता, त्याला दुसऱ्या लाँचवाल्यांनी उचललं. तो म्हणाला, रात्र होती, लाट आली, लाँच आडवी झाली, पुढचं मी पाहिलं नाही. रफिकचं विचारलं की खाली बघायचा. या गोष्टीला पावसाळा उलटून गेला होता, म्हणजे तिकडे कोकणात. इथे दुबईत कसला आलाय पावसाळा!

मला रडू आलं नाही. खरं सांगते, काहीच झालं नाही. हात-पाय चालत होते. भांडी घासत होते, पाणी भरत होते. ईदीच्या आदल्या दिवशी घावणे घालताना तव्याला हात लागला, ते फोड आल्यावर कळलं. साजिदाभाभी ओरडली, "अगं, भाजलं ना!" मी म्हटलं, "असेल."

साजिदाभाभी माझी जाऊ. तिचा नवरा बदरुद्दीन, रफिकचा सख्खा मोठा भाऊ. रफिक त्यांना दादा म्हणायचा, म्हणून मीही दादाच म्हणते. आम्ही सगळे खाडीकाठच्या एकाच झापांच्या घरात राहत होतो. रफिकचं नाव निघून माझा चेहरा जरा बदलला की भाभी लगेच म्हणायची, "रडायचं नाही हं. जित्या माणसावर रडणं चांगलं नसतं." आमच्यात कुणी गेल्याची खबर आली की आधी तोंडातून 'इन्ना लिल्लाहि' निघतं. आमच्या घरात ते एकदाही कुणी म्हटलं नव्हतं.

काझींकडे मी स्वतः जाऊन आले होते. म्हटलं, साहेब, मी कोण आहे ते एकदा सांगा. सुवासिनी असेन तर तशी राहते. बेवा असेन तर इद्दतीत बसते, चार भिंतींत बसून त्या माणसासाठी रडते तरी. काझी भले माणूस. म्हणाले, मय्यत नाही, साक्षीदार नाही. पण तुझा दीर घरातला वडीलधारा. त्याने इथे येऊन सांगितलं की माझं मन मानतं, भाऊ गेला, तर मी तसं ठरवीन.

एवढंच हवं होतं. दादांनी एक वाक्य बोलायचं. आणि दादा बोलेनात!

"माझ्या तोंडून ते निघायचं नाही, रुकय्या," म्हणायचे, आणि उठून कामावर जायचे.

त्यांचं काम म्हणजे लाँचच्या फटी भरणं. फळी आणि फळीच्या मध्ये तेलात भिजवलेला कापूस ठोकून बसवायचा, वरून चुना आणि मुशी माशाचं तेल मळून केलेला लेप द्यायचा. ते तेल म्हणजे असा वास की माणूस गल्लीच्या तोंडाशी असतानाच कळावं, बदरुद्दीन आला. रफिकची लाँच पाण्यात उतरली तेव्हा तिच्या सगळ्या फटी दादांनीच भरल्या होत्या. ती बुडाल्यावर कुणीतरी खैरुद्दीनच्या चहाच्या दुकानात बोललं, "गळकी होती म्हणे." दादा तिथेच बसले होते. चहा तसाच ठेवून उठले. ते त्या दिवसापासून कुणाशी धड बोलले नाहीत.

या खैरुद्दीनची एक जुनी लॉरीही होती. ईद झाली की दुसऱ्या दिवशी, बासी ईदीला, तो लोकांना झियारतीला, दर्शनाला न्यायचा. जबल अलीच्या पलीकडे, आत वाळवंटात एक मोठा दगड आहे, त्यावर ख्वाजा खिज्रच्या पावलाची खूण आहे असं तिकडचे लोक मानतात. खूण म्हणजे वीतभर खोल खळगा. कुणी हरवलेलं असेल तर त्या पावलात पाणी ओतायचं आणि कुराणातली यासीन पढायची. यासीन संपेपर्यंत पाणी राहिलं तर माणूस जिवंत. दगडाने पिऊन टाकलं तर नाही.

दादा म्हणाले, "चल. दगड काय सांगेल ते मी काझींपुढे सांगेन. कसम."

माझं डोकं फिरलं. म्हटलं, "वा! भावाची बायको एवढे दिवस सांगतेय ते ऐकायचं नाही, आणि दगडाला विचारायला लॉरी करून जायचं!"

पण गेले. कुणीतरी काहीतरी सांगणार होतं, एवढं पुरे होतं.

पहाटेची फज्र पढून निघालो. मागे बाया एका बाजूला, पुरुष एका बाजूला. वाट दाखवायला सुहैल नावाचा एक बदू, तिथल्या वाळवंटातला अरब, खैरुद्दीनच्या शेजारी बसला होता. रस्ता नव्हताच. सुहैल खिडकीतून हात काढायचा, इकडे, तिकडे, आणि लॉरी तशी वळायची. दादांनी कामाची थैली बरोबर घेतली होती.

"सणाला पण थैली?" मी विचारलं.

"लॉरी जुनी आहे. लागेल काहीतरी," ते म्हणाले. माझ्याकडे बघितलं नाही.

लॉरी दोनदा वाळूत रुतली. "यल्ला, यल्ला!" करत पुरुषांनी ढकलली. थैली काही उघडावी लागली नाही. भाभी सारखी दुआ पुटपुटत होती. शेजारची एक बाई मला म्हणाली, "घाबरू नको, खिज्र देतो परत." मी मान हलवली. मला घाबरायला काही झालं नव्हतं. ऊन चढत होतं, डोळ्यांत वाळू जात होती, आणि मी त्या बाईच्या बांगड्या बघत होते. हिरव्या होत्या. माझ्याही हिरव्याच होत्या.

आमच्या दाभोळला ख्वाजा खिज्र म्हणजे पाण्याचा मालक. घरातला पुरुष समुद्रावर असला की बाया खाडीत त्याच्या नावाने दिवा सोडतात, छोट्याशा होडीत. मीही सोडलेत. इथे नजर जाईल तिथपर्यंत पाण्याचा टिपूस नाही, आणि म्हणे त्याचं पाऊल. काय करायला आला असेल इथे, कोण जाणे.

दगड आला. जवळ एक झाड, त्याला चिंध्या बांधलेल्या. लॉरी झाडाखाली थांबली. खैरुद्दीनने चूल मांडली, चहा टाकला. दादा म्हणाले, "तुम्ही चहा घ्या. मी वर जाऊन जागा झाडून येतो." आणि थैली घेऊन चढले. बराच वेळ लागला त्यांना. भाभी म्हणाली, "बघ, भावासाठी किती करतोय." मी चहा प्याले. त्यात साखर होती की नव्हती, कुणास ठाऊक.

मग आम्हाला बोलावणं आलं. वर फक्त घरच्यांनी जायचं असा रिवाज, बाकीचे खाली उभे राहतात. दादा, भाभी, मी आणि पखाल घेतलेला सुहैल. खळग्याभोवती स्वच्छ झाडलेलं होतं. तळाला बारीक माती पसरली होती.

सुहैलने बिस्मिल्ला करून पाणी ओतलं. मोडक्या हिंदीत मला म्हणाला, "बाई, मैं बच्चा था तब से देखता. पानी रुकता नहीं. दिल पक्का रखना." मला तो माणूस आवडला. इतक्या महिन्यांत सरळ बोलणारा पहिलाच.

दादांनी यासीन सुरू केली. त्यांचा आवाज चांगला आहे, पण त्या दिवशी घाईत होता. मी पाण्याकडे बघत बसले. आता जाईल, आता जाईल. पाणी हललं नाही. अर्धी यासीन झाली. पाणी होतं तेवढंच. सुहैल वाकला, परत सरळ झाला. "सुभानल्ला," म्हणाला. यासीन संपली. काठोकाठ पाणी, त्यात वरचं आभाळ.

भाभीने हंबरडाच फोडला. "जिता आहे! रुकय्या, जिता आहे माझा दीर!" आणि पदर तोंडाला लावून खालीच बसली. खालून लोक ओरडायला लागले. खैरुद्दीन अल्लाहू अकबर म्हणत होता.

आणि मी? माझ्या आत काही नाही. नवरा जिवंत आहे असं सांगितलं आणि मला बरं वाटलं नाही, वाईट वाटलं नाही. मला वाटलं, मी माणसातून उठले. रिवाजाप्रमाणे त्या पाण्यात बोटं बुडवली आणि डोळ्यांना लावायला वर नेली.

वास आला. मुशीच्या तेलाचा.

मी परत हात घातला. तळाची माती बाजूला केली. फट होती, चांगली लांब. एका टोकापासून दुसऱ्यापर्यंत भरलेली. वर चुन्याचा लेप, आणि शेवटाला अंगठ्याचा ठसा. दादांची सवय ती. प्रत्येक फट भरून झाली की बिस्मिल्ला म्हणून शेवटाला अंगठा दाबायचे. नवी नवरी होते तेव्हा दाभोळच्या बंदरावर दोघा भावांचा डबा घेऊन जायचे मी, तेव्हापासून बघत आलेय.

मी मान वर केली. दादा माझ्याकडेच बघत होते.

"आता मी काझींना सांगणार," ते हळूच म्हणाले. "जिवंत आहे म्हणून सांगणार."

मला चीड यायला हवी होती. आली असती तर मी तिथेच सगळ्यांसमोर त्यांची अब्रू काढली असती, माझी जीभ कशी आहे ते घरात सगळ्यांना माहीत आहे. पण त्यांचा तो चेहरा बघितला आणि मला एकदम कळलं. रफिक जिवंत असला तर लाँच बुडण्याचा गुन्हा जरा कमी होतो. रफिक गेला असला तर त्याला दादांनी मारलं. हा माणूस इतके महिने हेच घेऊन उठत-बसत होता. बायकोला सांगितलं नाही, मला सांगितलं नाही.

मी आवाज खाली आणला. भाभीच्या रडण्यात तो आमच्या दोघांपुरताच राहिला.

"दादा, इकडे बघा. या पाण्याकडे."

"नको, रुकय्या."

"बघा म्हणते ना! सबंध यासीन झाली. एवढं ऊन, एवढा तापलेला दगड. किती गळलं?"

त्यांनी एकदाच खळग्यात पाहिलं.

"थेंब गळला नाही. तुम्ही भरलेली फट आहे ही. घाईघाईत, चोरून भरलेली, तरी थेंब गळला नाही. आणि ती लाँच तर तुम्ही महिनाभर बसून भरली होती, त्यात तुमचा भाऊ जाणार म्हणून. ती गळेल कशी? हनीफ काय म्हणाला? लाट आली, लाँच आडवी झाली. गळकी म्हणणारे गेले जहन्नममध्ये. तुमच्या हातून नाही बुडाली ती, दादा."

दादांनी दोन्ही हातांनी दगड धरला. एवढा थोराड माणूस, खांदे गदगदत होते.

मी पाण्यात हात घातला. फोड आलेला तोच हात. अंगठ्याच्या ठशाशी नख रोवलं आणि कापूस ओढला. चांगला घट्ट बसलेला, सहज येईना. मग एकदम सगळी वात बाहेर आली आणि पाणी गुळगुळ करत फटीत उतरायला लागलं. मी ओला कापूस मुठीत दाबला. खालच्या लोकांना आमच्या चेहऱ्यांवरून एवढंच कळलं की पाणी चाललंय. ओरडा थांबला.

सुहैलने माझ्या मुठीकडे बघितलं, दादांकडे बघितलं. पखालीचं तोंड बांधून पाठ करून उभा राहिला.

"दादा, आता म्हणा," मी म्हटलं. "तुम्ही म्हटल्याशिवाय मला रडता येत नाही."

खळगा रिकामा झाला. तळाची माती ओली, काळी राहिली. दादांनी डोळे मिटले.

"इन्ना लिल्लाहि..." त्यांचा आवाज फाटला. परत सुरुवात केली. "इन्ना लिल्लाहि व इन्ना इलैहि राजिऊन."

भाभीने पदरातून डोकं वर काढलं. रिकाम्या खळग्याकडे बघितलं, नवऱ्याकडे बघितलं. मग सरकत सरकत माझ्याजवळ आली आणि एकेक करून माझ्या बांगड्या उतरवायला लागली. हात ओला होता, तेलकट होता, सहज उतरल्या. या वेळी ती रडू नको म्हणाली नाही.

परत निघालो. जबल अली मागे पडल्यावर कधीतरी माझा हात ठणकायला लागला. बघते तो फोड फुटला होता आणि त्यात मीठ भरावं तशी आग होत होती. "आई गं!" मी मोठ्याने ओरडले. इतकं दुखत होतं की मी दुबई येईपर्यंत रडत राहिले.