एका क्रियापदाचा जामीन

“‘सुदाम आलाय हितं. आधी त्याचं शेवटतो, मंग तुमचं. आज दोघांचंबी शेवटून टाकतो, घोर करू नका.’ हा तुमच्या मालकांचाच आवाज ना, मावशी?”

राजकन्या वकीलबाईंनी रेकॉर्डिंग बंद करून मोबाइल टेबलावर ठेवला. अयोध्या हसली. नवऱ्याला पकडून नेल्यापासून एकोणीस दिवसांत पहिल्यांदाच हसली, आणि तेही नांदेडच्या कोर्टासमोरच्या त्या कोंदट खोलीत, जिथं सगळे रडायलाच येतात.

“आवाज त्यांचाच हाय. पण ह्ये तर पारईचं बोलणं हाय, बाई.”

“पारईचं?”

“खणायच्या पारईचं टोक झिजतंय. मंग भट्टीत लाल करायचं, घणानं ठोकून नवं टोक काढायचं, पाणी द्यायचं. त्याला शेवटणं म्हणत्यात. कुदळ शेवटत्यात, टिकाव शेवटत्यात.”

“आणि माणूस?”

“माणूस कसा शेवटंल? आधी तापवावं लागतंय.”

वकीलबाई हसल्या नाहीत. सरकारनं फुकटात दिलेली वकील. वय असेल तिशीच्या आत, डोळ्यांखाली मात्र चाळिशीची काळी वर्तुळं. त्यांनी फाइलमधला दुसरा कागद काढला. तिच्या नवऱ्याचा, दगडोबाचा जबाब. त्यात लिहिलं होतं, ‘मी सुदामचा शेवट करतो, असे मी श्रीमंत यांस मोबाइलवर कळविले, हे खरे आहे.’ खाली दगडोबाची सही, शाळेत शिकला होता तशी, प्रत्येक अक्षर वेगळं.

“असं न्हाई म्हणले ते.”

“तसंच म्हणाले असतील. लिहिणाऱ्यानं शुद्ध केलं.” वकीलबाईंनी कपाळ चोळलं. “मावशी, नीट ऐका. सुदाम विहिरीत मेला. डोक्याला मार आहे. पडून लागला का कुणी मारला, डॉक्टर दोन्ही होऊ शकतं म्हणतात. शेजारी त्याची पारई सापडली. त्याआधी आठ दिवस बाजारात तुमच्या मालकांचं नि त्याचं भांडण झालं, ते चाळीस लोकांनी बघितलं. आणि हा आवाज. बाकी केसमध्ये काही नाही. ह्या शब्दाचा अर्थ तुम्ही म्हणता तो आहे, असं मला शुक्रवारी दाखवता आलं, तर जामीन होतो. नाही तर खटला उभा राहीपर्यंत आत. दोन वर्षं, तीन वर्षं.”

“अर्थ दाखवायचा म्हंजी?”

“कुणीतरी सांगितलं पाहिजे. तुमच्याशिवाय कुणीतरी.”

त्या दिवशी बुधवार होता.

अयोध्या बावन्न वर्षांची. लग्न होऊन आली तेव्हापासून घण तिच्याकडे. दगडोबा सांडशीत लोखंड धरून बसायचा, छोट्या हातोडीची टिचकी मारून जागा दाखवायचा, आणि ती बरोबर तिथं घण घालायची. तीस-बत्तीस वर्षांच्या संसारात दोघांत बोलणं झालं ते असंच. बाकी लोकांच्या घरी जागा बायको दाखवते नि घाव नवरा घालतो, असं तिनं ऐकलं होतं. दगडोबाला साखर झाली, उजवा खांदा गेला, आता तो घण उचलूच शकत नव्हता. साठीचा, खांदा गेलेला माणूस विहिरीत उतरून सुदामसारख्या गड्याला मारतो, हे तिला पटण्यासारखं नव्हतं. पण तिला पटून काय उपयोग.

ती भोकरपासून जीपनं अर्ध्या तासावर असलेल्या आपल्या गावी परतली आणि तशीच रामकिशन आबाच्या ओट्यावर गेली. आबा ऐंशीचा, कान अजून शाबूत.

“शेवटणं? ठाव हाय की! माझ्या बापाची कुदळ तुझ्या सासऱ्यानं शेवटलेली. लई भारी पाणी द्यायचा.”

“मंग आबा, शुक्रवारी कोर्टात येऊन एवढंच सांगा.”

आबानं चष्मा काढला, धोतराला पुसला, परत घातला.

“म्हातारपण वंगाळ बघ अयोध्ये. आता तू काय विचारलीस, त्ये बी इसरलो.”

तिनं ओळखलं. सुदाम खणत होता ती विहीर श्रीमंतच्या रानातली होती. माणूस पडून मेला तर पाडणारी विहीर, म्हणजे विहिरीचा मालक अडकतो. कुणी मारला तर मारणारा. श्रीमंतनं स्वतःची पारई सुदामजवळ देऊन दगडोबाकडे पाठवली होती. सुदाम गेल्याच्या दुसऱ्या दिवशी भट्टीवरून ती उचलूनही नेली. आता म्हणत होता, कसली पारई, मी काही पाठवलंच नाही. आणि गावात निम्म्या लोकांना श्रीमंतच्या रानात रोजगार होता. संध्याकाळपर्यंत सात घरं झाली. सातही घरांत चहा मिळाला. शब्द कुणाच्याच घरी मिळाला नाही.

गुरुवारी सकाळी पुन्हा नांदेड. वकीलबाईंनी पत्ता दिला होता, मल्लिकार्जुन सर, कॉलेजात मराठी शिकवून निवृत्त झालेले, मूळचे उदगीरकडचे. कपाळाला भस्म, अंगात बनियन, झाडांना पाणी घालत होते. तिचं सगळं उभ्यानंच ऐकून घेतलं.

“शेवटणे,” ते जिभेवर घोळवत म्हणाले. “शेवट करणे आहे. संपवणे आहे. पण शेवटणे? बाई, असा धातू मराठीत नाही.”

“लोखंड हाय साहेब.”

“नाही हो, धातू म्हणजे क्रियापदाचा...” बोलता बोलता ते थांबले. हातातलं पाणी कुंडीतून वाहून चपलेवर आलं तरी त्यांच्या लक्षात आलं नाही. मग मोठ्यानं हसले. “या, आत या.”

कपाटातून त्यांनी एक जाडजूड कोश काढला, वाळवीनं कडा खाल्लेला. बोट फिरवत फिरवत खाली आले. शेवंती, शेवगा, शेवट. बोट थांबलं.

“आहे की! शेवटणे. फाळ, पहार इत्यादी हत्यारांस नवे टोक काढणे.” त्यांच्या चेहऱ्यावर हरवलेली वस्तू सापडल्याचा आनंद होता. “चाळीस वर्षं शिकवलं मी. हे कधी वाचलंच नव्हतं.”

अयोध्येनं पुस्तकालाच हात जोडले. मग सरांचा चेहरा जरा उतरला.

“पण इथं कंसात लिहिलंय, कोकणात वापरतात.”

“कोकणात कशाला? आमी हितं म्हणतो की.”

“तुम्ही म्हणता. पण लिहिणारा तुमच्या गावापर्यंत आलाच नसेल.”

त्यांनी पानाची झेरॉक्स काढून दिली, पैसे घेतले नाहीत. कोर्टात येता का म्हटल्यावर मात्र म्हणाले, “मी स्वतः हा शब्द कधी ऐकलेला नाही, बाई. खोटं कसं सांगू?” अयोध्येला राग आला नाही. दोन दिवसांत खोटं न बोलणारा तोच एक माणूस भेटला होता.

दुपारी तुरुंगात मुलाखत झाली. जाळीपलीकडे दगडोबा, दाढी वाढलेली.

“तुमी त्या दिवशी खरंच शेवटलं का?” तिनं विचारलं. ती स्वतः तेव्हा लातूरला लेकीच्या बाळंतपणाला होती. हा प्रश्न तिनं एकोणीस दिवस गिळला होता. “म्या नव्हते. घण कुणी मारला?”

“सुदामनंच की. कोण मारणार दुसरं? लई वंगाळ हात हाय त्याचा. मी जागा दावतो एकीकडं, ह्यो हाणतो दुसरीकडं. म्हणलं, आरं हीर खांदून राहिलास का?” दगडोबा हसला, आणि मग त्याला आठवलं. त्यानं जाळीला कपाळ टेकलं.

आता एकच घर राहिलं होतं. तिथं जायचं तर पाय उचलेना.

कावेरीबाई, सुदामची बायको, दारात मटकी निवडत बसली होती. अयोध्येला बघून तिचे हात थांबले नाहीत.

“कायला आलीस?”

“कावेरीबाय...”

“शब्दासाठी फिरून राहिलीस म्हणं. गावभर.” खडा उचलून तिनं लांब टाकला. “माझा माणूस गेला. तुझा शब्दच गेलाय.”

अयोध्या उंबऱ्याबाहेर मातीत बसली. काय मागायला आलो ते तिला मागता येईना. म्हणून दगडोबानं सांगितलेलंच तिनं सांगितलं: सुदामनं घण मारला, वाकडातिकडा मारला, मालक चिडवत होते. बाजारात सुदाम त्यांना म्हणाला होता, तुमचं पाणी कच्चं, शहरातून मशीनची पारई आणतो. त्यावरून एवढं रण झालं. त्या दिवशी मात्र टोक पाण्यात बुडवून वर काढलं, निळसर रंग चढला, तेव्हा सुदाम म्हणाला, “काका, माझं तोंड चुकलं.”

मटकी निवडणारे हात थांबले.

“असं म्हणला?”

“मालक सांगून राहिले.”

“तुझा मालक काय बी सांगंल. आत बसलाय.” कावेरीबाईनं सूप उचललं. “मला सरकारी वकिलानं बोलावलंय उद्या. जामिनाला नको म्हणून सांग म्हणलाय. दोन शब्दांचं काम हाय, म्हणला. जा तू.”

दार लागलं. अयोध्या तिथंच बसून राहिली. घरी जाऊन तरी करायचं काय होतं?

शुक्रवारी साडेबाराला पुकारा झाला. वकीलबाईंनी झेरॉक्स पुढं केली, नीट बोलल्या, आवाज एकदाही कापला नाही. सरकारी वकील उठले. ते वाईट नव्हते, फक्त हुशार होते.

“साहेब, माझ्या विद्वान मैत्रिणीनंच आणलेला कोश सांगतो की हा कोकणातला शब्द आहे. आरोपी भोकर तालुक्याचा. समुद्र त्यानं बघितला असेल असं वाटत नाही.” मागं कुणीतरी हसलं. “ह्या भागात हा शब्द वापरतात असं सांगणारा एक साक्षीदार त्यांनी आणावा. एक. आरोपीची पत्नी सोडून.”

वकीलबाईंनी मागं वळून बघितलं. त्यांच्या बाजूच्या पुढच्या बाकावर अयोध्या एकटीच होती. तिनं मान खाली घातली.

“मयताच्या पत्नी हजर आहेत,” सरकारी वकील म्हणाले. “त्यांचा जामिनाला विरोध आहे.”

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. “बोला, बाई. तुम्हाला काय सांगायचं?”

कावेरीबाई उभी राहिली. पदर डोक्यावर ओढला. सरकारी वकिलांनी हळूच मान हलवली, म्हणा, असं.

“सायेब, आमची पारई मला कवा मिळंल?”

“काय?”

“पोलिसांनी नेलेली. सुदामची. ती द्यायला सांगा.”

“ती पुरावा आहे, बाई. आत्ता मिळणार नाही. दुसरी नाही का?”

“हाय की दुसरी. पण ती बोथट हाय. दीर आणि म्या दुसऱ्याच्या रानात हीर खांदून राहिलो, लेकरं हायत. काळा दगड लागलाय, तिनं काय होत न्हाई.” ती जराशी चिडली होती, शहरातल्या लोकांना साधी गोष्ट सांगावी लागते तेव्हा माणूस चिडतो तशी. “ती तुमच्याकडची नवी शेवटलेली हाय. एक दिवस बी वापरली न्हाई त्यानं. शेवटून आणली नि तसाच गेला.”

पंखा फिरत होता. न्यायाधीशांचं पेन कागदावर टेकलं होतं, पण चालत नव्हतं.

“काय म्हणालात? कशी आहे ती?”

“शेवटलेली,” कावेरीबाई म्हणाली. मग दोन्ही हातांनी हवेत टोक करून दाखवलं. “शेवटलेली, सायेब.”

सरकारी वकील खाली बसले. राजकन्या वकीलबाई काहीच बोलल्या नाहीत. हुशार त्याही होत्या.

स्टेनोनं टाइप केलं. अयोध्येला पुढच्या बाकावरून संगणकाचा पडदा दिसत होता. चौथीपर्यंतचं वाचता येत होतं तेवढं ती वाचत गेली. त्या एका शब्दाखाली वाकडी लाल रेघ आली. स्टेनोनं मागं वळून विचारलं, “सर, शब्द चूक दाखवतंय. बदलू?”

“नाही,” न्यायाधीश म्हणाले. “त्या म्हणाल्या तसाच राहू द्या.”

चार वाजता जामीन झाला. हमीदार, कागद, शिक्के. दगडोबा सुटायला सोमवार उजाडणार होता. पारई मिळाली नाही.

संध्याकाळच्या भोकर गाडीत कावेरीबाई खिडकीशी बसली होती. शेजारच्या जागेवर तिनं पिशवी ठेवली होती. अयोध्या चढली, तिला बघितलं आणि दांडा धरून उभी राहिली. बोलायचं खूप होतं, पण जे बोलायचं त्याला तिच्याजवळ शब्द नव्हता.

गाडी शहराबाहेर आली. कंडक्टर पिशवीकडं बोट करून म्हणाला, “अक्का, ही सीट कुणाची?”

कावेरीबाईनं बाहेर बघतच पिशवी उचलून मांडीवर घेतली.

“असंल कुणाची तरी,” ती म्हणाली.

अयोध्या बसली. गाव येईपर्यंत दोघी दोन दिशांना बघत राहिल्या. खड्डा आला की खांद्याला खांदा लागत होता.