मला वाळत घातलं तो दिवस

मित्रांनो, मी एक जुना करडा कोट आहे आणि मला साबणाने धुतलं, याचा धक्का मला अजून पचलेला नाही. तुम्ही म्हणाल, कपडा म्हटला की धुणं आलंच. आधी ऐकून तर घ्या.

नॉर्वेच्या समुद्रातल्या स्कार्व्हॉय नावाच्या बुटक्या बेटावर माझा जन्म झाला. तिथे झाड एकही नाही आणि घरही एकच. पेत्रीनाबाईने तिथल्याच मेंढ्यांची लोकर कातली, विणली आणि समुद्राच्या पाण्यात तुडवून तुडवून घट्ट केली. शिवून झालो तेव्हा मी इतका जाड होतो की मला जमिनीवर ठेवलं तर आपला आपण उभा राहायचो. पेत्रीना गेल्यावर मी तिच्या लेकीच्या, ओलाउगच्या, अंगावर आलो.

माझं काम बदकांचं. दर वसंतात आयडर बदकं समुद्रातून वर येतात आणि अगदी घराला खेटून अंडी घालतात. त्यांच्यासाठी दगडांची, फुटक्या होड्यांची ठेंगणी घरं करायची, आत वाळलेलं शेवाळ अंथरायचं आणि अंडी पळवणाऱ्या कुरव पक्ष्यांपासून ती राखायची. पिल्लं पाण्यात गेली की मागे उरलेली मऊ पिसं आपली. त्यांची रजई करतात.

त्या दिवसांत बेटावर हातोडा वाजत नाही, कुत्रं ठेवत नाहीत, दारसुद्धा हळू लावतात. बाहेर दोरीवर कपडे तर मुळीच नाहीत, कारण फडफडणारी वस्तू दिसली की बदकांना गरुड आल्यासारखं वाटतं. आणि राखणारी बाई रोज एकच कपडा घालते. तो मी. एकदा भ्यालेलं बदक त्या बेटावर पुन्हा पाय ठेवत नाही, असं पेत्रीना सांगायची. बदकं गेली तर ओलाउगने त्या खडकावर कोणासाठी राहायचं?

पायरीजवळ, फुटक्या होडीखाली, थोरली बसायची. ती सगळ्यांत म्हातारी मादी. ओलाउग अंडी चाचपायला हात घाली तेव्हा ती माझ्या बाहीत चोच खुपसून डोळे मिटून घेई. एकदा संग्रहालयाचे एक गृहस्थ मला बघून म्हणाले, "हा काचेच्या कपाटात शोभेल."

"शोभेल," ओलाउग म्हणाली, "पण तो कामावर आहे."

मी इतका फुगलो की बटण तुटायचं बाकी होतं. उरलेलं वर्ष मात्र मी दारामागच्या खुंटीवर लोंबकळायचो आणि माझ्याकडे कोणी ढुंकूनही बघत नसे.

अशाच एका ईस्टरला ओलाउगची लेक सोलफ्रिड आणि जावई इंगवार शहरातून आले. इंगवारने टेबलावर नकाशा पसरला.

"आई, मे महिन्यात ऑफिसातली चार मंडळी आणतो. समुद्र, निवांतपणा, दुर्बिणीतून पक्षी. धक्क्यावर पाय पसरून बसायचं, संध्याकाळी थोडी गाणी."

गाणी! माझी लोकर ताठ झाली.

"मे महिन्यात?" ओलाउगने कॉफीचा कप खाली ठेवला.

"तेव्हाच तर पक्षी असतात."

"असतात, कारण तेव्हा तुमची चार मंडळी नसतात, जावईबापू."

"अहो, आम्ही आराम करायला येणार. दंगा कोण करतंय?"

"माणसं आराम करायला लागली की सगळ्यात जास्त आवाज करतात."

शेवटी ठरलं की दोघांनीच यायचं. ओलाउगची कंबर दुखत होती, तिला मदतीला कोणीतरी हवंच होतं.

मे महिन्यात इंगवार नारिंगी जाकीट घालून होडीतून उतरला. ओलाउगने ते धक्क्यावरच उलटं करून घालायला लावलं. मग तो बिचारा अस्तर बाहेर काढून, दुर्बीण घेऊन, मुकाट खिडकीत बसू लागला. घात झाला तर याच्या हातून होणार, असं मी धरूनच चाललो होतो.

सोलफ्रिड याच बेटावर जन्मलेली, पण शाळेत जायला लागल्यापासून बदकांचे दिवस तिने पाहिलेच नव्हते. शाळा पलीकडच्या किनाऱ्यावर आणि मुक्कामही तिकडेच. सुट्टी लागून ती घरी येई तेव्हा पिल्लं पाण्यात गेलेली असत. हे कोणाच्याच ध्यानात आलं नाही. इथल्या मुलीला काय सांगायचं, असं ओलाउगला वाटलं.

एका सकाळी फेरी आटोपून ओलाउग जरा आडवी झाली. सोलफ्रिडने मला हुंगलं. "केवढा कळकट झालाय. आईला आता झेपत नाही," ती म्हणाली. गरम पाणी, फुलांच्या वासाचा साबण, दोन पिळे, आणि मी बाहेर दोरीवर!

वारा आला आणि माझ्या दोन्ही बाह्या वर गेल्या. मी त्या खाली ओढू शकत नव्हतो. आधी थोरली उडाली. जिच्यात चोच खुपसून ती डोळे मिटायची, त्याच बाहीला ती भ्याली. तिच्यामागून सगळं बेट उठलं, आणि उघड्या अंड्यांवर कुरव उतरले. मित्रांनो, मी राखणदार होतो हो.

पंखांचा आवाज ऐकून ओलाउग धावत आली आणि पायरीवर तिचा पाय मुरगळला. ती ओरडली नाही. त्या दिवसांत तिथे कोणी ओरडत नाही, पडतानासुद्धा.

"आई, मी फक्त धुतला गं," सोलफ्रिड पांढरीफटक पडली होती.

"काढ तो. अंगात घाल."

"निथळतोय अजून."

"घाल. वाटेने हळू जा, बटण हरवल्यासारखी. बदकांकडे बघू नकोस. आणि गुणगुणत राहा."

"काय गुणगुणू?"

"तुला झोपवताना म्हणायचे ते. त्यांनाही मी तेच म्हणते."

सोलफ्रिडने मला दोरीवरून काढून अंगात चढवलं. मग निघाली. मी तिच्या खांद्यांवर ओल्या पोत्यासारखा जड झालो होतो. थंडीने ती वाकली, कुडकुडत गुणगुणू लागली. कुरव मागे हटले. बदकं लांब पाण्यावर थवा करून बघत होती. आम्ही फेरीवर फेरी घातली. माझ्या अंगाला फुलांचा वास येत होता आणि मला मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं.

खूप वेळाने थोरली किनाऱ्यावर चढली. थांबली, मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि डुलत डुलत आपल्या होडीखाली शिरली. मग बाकीच्या आल्या. सगळ्या नाही. काही घरं त्या वर्षी रिकामीच राहिली.

संध्याकाळी मी आत, शेगडीजवळ वाळत होतो, तेव्हा इंगवारने सोलफ्रिडला सांगितलेलं मी ऐकलं. आम्ही फेऱ्या घालत होतो तेव्हा त्याने ओलाउगला खिडकीत बसवून दुर्बीण दिली होती. "बघा आई, थोरली आली," तो म्हणाला. पण दुर्बीण थोरलीवर नव्हतीच, ती वाटेवर होती.

"आई चाललीय," ओलाउग म्हणाली.

पाय दुखून तिला भ्रम झाला असेल, असं त्याला वाटलं. "अहो, ती सोलफ्रिड आहे. तुमची लेक."

"ते कळतंय मला. मी कोटाबद्दल बोलतेय. तो आईकडून माझ्या अंगावर आल्यापासून मला त्याची पाठ कधी दिसलीच नव्हती."

पिल्लं पाण्यात जाईपर्यंत सोलफ्रिड रोज मला घालून गेली. मित्रांनो, घरातलं काही जुनं, कळकट दिसलं तर खुशाल धुवा. पण आधी घरच्यांना विचारा, की याला कोण ओळखतं?