पलीकडे, शेवटचं घर

"पलीकडे, शेवटचं घर! म्हातारे आहेत, छातीत कळ आलीय!" दवाखान्याच्या खिडकीतून सिस्टर ओरडली आणि भोंग्याच्या हातातला चहा पायरीवर सांडला.

भोंग्या म्हणजे अ‍ॅम्ब्युलन्सचा ड्रायव्हर. बावीस वर्षं तेच काम, तोच भोंगा, म्हणून हेच नाव पडलं. एरवी माणूस इतका निवांत, की आतून पेशंटच म्हणायचा, "अहो, जरा दामटा की!" पण त्या दुपारी त्याला गाडीच्या दरवाजाचं हँडलसुद्धा सापडेना. कारण पलीकडे, शेवटचं घर, म्हणजे त्याचंच घर. आणि त्या घरात म्हातारं माणूस एकच. त्याचे वडील, आबा.

"फोन कोणी केला?"

"बाई होती, रडत होती. सासऱ्यांना कळ आली म्हणाली. वहिनीच असणार, दुसरं कोण? मी काही विचारायच्या आत फोन कट झाला," सिस्टर म्हणाली आणि पेटी घेऊन त्याच्या शेजारी चढलीच. दवाखान्यातलं ते फोनचं डबडं इतकं जुनं, की कुणाचा नंबर आला तेही कळायचं नाही.

आता या गावाचा एक घोळ आधी सांगायलाच हवा, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही.

आज बाजार भरतो ना, तिथून पूर्वी नदी वाहायची. खरीखुरी, भरलेली. अलीकडे गाव आणि पलीकडे एक आळी. साठ वर्षांपूर्वी मोठा पूर आला, तीन दिवस राहिला, आणि ओसरला तेव्हा नदी जागेवर नव्हती! दीड कोस पूर्वेला सरकून दुसऱ्याच वाटेने वाहत होती. आळीतली एक भिंत पडली नाही, एक कौल हललं नाही, पण काल नदीपार असलेली माणसं आज उठून गावात चालत आली. नदी गेली, नाव मात्र राहिलं. त्या आळीला आजही पलीकडेच म्हणतात. पलीकडे जायला या गावात पाणी ओलांडावं लागत नाही. जुना पूल बाजारात कोरडाच उभा आहे, त्याच्या खाली शिंपी बसतो आणि सायकलवाला पंक्चर काढतो. घाटाच्या पायऱ्या उतरलं की भाजीवाल्या. आणि हल्लीच्या नदीला साठ वर्षं झाली तरी 'नवी नदी'च म्हणतात, नातवंडं झालेल्या बाईला अजून नवी सून म्हणावं तसं.

आबा त्या जुन्या नदीचे होडीवाले. पूर ओसरला तेव्हा ते वीस वर्षांचे, होडी दाराशी चिखलात आणि नदी दीड कोसावर. पुढे सगळा जन्म गोदामात पोती उचलली. होडीतलं काही उरलं नाही, फक्त घराच्या मागच्या भिंतीत होडी बांधायची लोखंडी कडी आहे. तिला आता सूनबाईची कपड्यांची दोरी बांधलेली असते. पण आबांनी तो शब्द काही सोडला नाही. घरात फोन आला तेव्हापासून रिसीव्हर उचलला की छाती काढून म्हणणार, "हॅलो, पलीकडून बोलतोय!"

"आबा, फोनवर सगळे पलीकडूनच बोलतात हो!" भोंग्या हसायचा.

"बोलू दे त्यांना. आपण खरे पलीकडचे."

तर भोंग्याने कोरड्या पुलावरून गाडी अशी पिटाळली, की खाली शिंप्याच्या मशीनची सुई थांबली. एकदा मनात आलं, घरी फोन लावून बघावा. खिशात मोबाईल होता. पण हात स्टिअरिंगवरून सुटेना. सिस्टर काहीतरी बोलत होती, त्याला ऐकू येत नव्हतं. सकाळी आबा म्हणाले होते, माझा चष्मा दुरुस्त करून आण. त्याने आणला नव्हता. एवढंच डोक्यात.

चौथ्या मिनिटाला गाडी दारात. भोंग्या धडपडत आत शिरला, ओटीवरून मागच्या अंगणात.

आबा पाटावर बसून लसूण सोलत होते.

बायको दोरीवर चादर वाळत घालत होती. "आज जेवायला गाडी घेऊन आलात?" ती म्हणाली.

"कुठे आग लागलीय?" आबा म्हणाले. "चष्मा आणलास का?"

आणि भोंग्या हसला. भिंतीला टेकून, पोट धरून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसला. "अहो, तुम्ही तर मेलात ना!" म्हणाला. आबाही हसले. सिस्टरसुद्धा हसली. किती वेळ? मिनिटभर असेल. फार तर दोन.

मग सिस्टरचं हसू एकदम थांबलं. "मग तो फोन कुणाचा होता?"

तेवढ्यात दवाखान्यातून कंपाउंडरचा फोन आलाच. त्या बाईने पुन्हा केला होता. अजून कसे नाही आलात, म्हणून. या वेळी कंपाउंडरने नीट पत्ता विचारून घेतला होता.

नव्या नदीच्या पार, नव्या पुलापलीकडे, सूतगिरणीसाठी बाहेरून आलेल्या लोकांची वस्ती आहे. दहा वर्षं झाली असतील. त्यांना जुनी नदी माहीत नाही, आळी माहीत नाही. ती बाई नदीच्या पलीकडे राहायची आणि पलीकडे राहते असं म्हणाली होती. इतकं सरळ! गावात जन्मलेल्या दोन माणसांनाच ते कळलं नाही.

बाजारातून वाट काढत नव्या पुलाने तिकडे पोचायला चौदा मिनिटं लागली. शेवटच्या घरासमोर एक म्हातारा खुर्चीत बसवलेला होता. दवाखान्यात जायचं म्हणून इस्त्रीचा शर्ट घातलेला, वरचं बटणसुद्धा लावलेलं. सिस्टरने नाडी पाहिली, छाती दाबून पाहिली, पुन्हा पुन्हा पाहिली. मग हळूच त्याचं वरचं बटण काढलं.

"मी सांगितलं होतं ना," त्याची सून म्हणाली. ओरडली नाही, नुसती बघत राहिली. "पलीकडे म्हणून सांगितलं होतं."

"ताई, नदीच्या पलीकडे असं म्हणायला हवं होतं," भोंग्या कसाबसा बोलला. "आमच्याकडे पलीकडे म्हणजे..."

"दुसरं कुठलं पलीकडे असतं?"

भोंग्या गाडीकडे वळला. बावीस वर्षांत पहिल्यांदा त्याने भोंगा न वाजवता पूल ओलांडला.

त्या दिवसापासून भोंग्याचा पाय एका जागी ठरेना. गाडी धुवायचा, वाळायच्या आत पुन्हा धुवायचा. दवाखान्यापासून नव्या वस्तीपर्यंत घड्याळ लावून तीन-तीनदा जाऊन यायचा. जेवताना अर्ध्या भाकरीवर उठायचा. सिस्टर म्हणाली, डॉक्टर म्हणालेत की तो तसाही वाचला नसता. "नक्की नसता, की बहुतेक नसता?" त्याने विचारलं. ती पेटीतल्या पट्ट्या मोजू लागली.

आठव्या दिवशी त्याने आबांजवळ विषय काढला. "आळीचं नाव बदलायला सांगतोय मी पंचायतीला."

"येड लागलंय तुला? नदी गेली, होडी गेली, आता नावही काढून घेतोस?" आबा कडाडले. "तुम्ही फोनवर नीट विचारा ना! पत्ता विचारता येत नाही आणि म्हणे नाव बदला!"

"खरंय. नाही विचारलं आम्ही." भोंग्या अंगणात येरझारा घालत होता. भिंतीतल्या होडीच्या कडीपाशी थांबला. "आबा, तो माणूस तिकडे शर्टाची बटणं लावत होता तेव्हा मी इथे उभा राहून हसत होतो. तुम्ही जिवंत आहात म्हणून. मला इतका आनंद कधी झाला नव्हता हो."

आबांनी चष्मा काढला. काचा पुसत बसले.

तेव्हापासून भोंग्याला आणखी एक सवय लागली. रोज दुपारी त्याच वेळेला तो दवाखान्याच्या फोनवरून घरी फोन लावायचा. आबा उचलायचे, "हॅलो, पलीकडून बोलतोय," आणि हा काही न बोलता ठेवून द्यायचा. आवाज ऐकला की पुढचे दोन तास जरा बरे जायचे.

नाव बदलायचं पंचायतीला त्याने काही सांगितलं नाही. आबांपुढे विषयही पुन्हा काढला नाही.

एका गुरुवारी त्याने असाच फोन लावला. चार वेळा वाजला. पाच वेळा. सहाव्यांदा उचलला गेला. आधी नुसता श्वास. मग आबांचा आवाज, परक्याच्या घरी आल्यासारखा, जपून.

"हॅलो. नदीच्या अलीकडून बोलतोय. जुनी आळी, शेवटचं घर."

भोंग्याला नेहमीसारखा फोन ठेवता येईना.

"हॅलो?" आबा म्हणाले. "पलीकडे कोण आहे?"