चौदा-पंधरा

डोंबिवलीच्या भागशाळा मैदानावर रोज सकाळी फिरायला येणाऱ्या मंडळींना नंबर लावून दिले ते सहदेव मास्तरांनी. मास्तर शाळेत पीटी शिकवायचे. निवृत्त झाले तरी गळ्यातली शिट्टी काही सुटली नव्हती. मागे एका सहलीत एक गृहस्थ देवळामागे चहा पीत बसले आणि बस निघून गेली. डोंबिवलीत पोचल्यावर त्यांच्या बायकोने मास्तरांना जे काही सुनावलं, त्यानंतर हा नियम आला. बसमध्ये बसलं की ज्याने त्याने आपला नंबर मोठ्याने म्हणायचा. मंडळी सगळी साठी-सत्तरीची. कुणी बँकेत मॅनेजर होतं, कुणी रेल्वेत साहेब. पण मास्तरांनी "चला, नंबर!" म्हटलं की चौथीतल्या पोरांसारखी ओरडायची.

राणेसाहेबांचा नंबर चौदा आणि मंदाताईंचा पंधरा.

राणेसाहेबांच्या तोंडात कायम सुपारी. तेरा झाले की ते नुसतं कोपराने बायकोला ढोसायचे, आणि मंदाताई एका दमात म्हणायच्या, "चौदा, पंधरा." बस हसायची. साहेब खिडकीबाहेर बघत सुपारी चघळायचे, जसं काही आपला ह्या बाईशी संबंधच नाही.

ह्या नंबराचा मंदाताईंना आणखी एक उपयोग झाला होता. त्यांनी नवऱ्याचं नाव कधी घेतलं नव्हतं. घेतलं ते उखाण्यात, लग्नात आणि डोहाळजेवणात, नंतर संसार चाळीस वर्षं चालला तो 'अहो' आणि 'हे' ह्यांच्यावर. घरात ते ठीक. पण सहलीत "अहो" म्हटलं की सहा म्हातारे एकदम मागे वळायचे, आणि ज्यांनी वळायचं ते मात्र हात पाठीमागे बांधून कुठल्यातरी गटाराचं बांधकाम निरखत उभे असायचे. मग मंदाताईंनी शोध लावला. "चौदाऽऽ!" अशी हाक मारली की राणेसाहेब मुकाट्याने यायचे. भर बाजारात नवऱ्याला हाक मारायची सोय बाईला झाली, ती अशी उतारवयात.

गणपती होऊन गेले आणि राणेसाहेब झोपेतच गेले. सकाळी चहा गार झाला तरी उठले नाहीत, एवढंच.

तेव्हापासून मंदाताई रडल्या नव्हत्या. लोक म्हणाले, बाई खंबीर आहे. खंबीर कसली! दाढ काढताना डॉक्टर इंजेक्शन देतो आणि मग गाल आपलाच असून आपला वाटत नाही, तसं त्यांचं सगळं झालं होतं. दिवस झाले, बारावं-तेरावं झालं, जेवणावळीत जिलबी कमी पडली तेव्हा त्यांनीच माणूस पाठवून मागवली. रात्री झोप लागायची, सकाळी जाग यायची, आमटीत मीठ पडलंय की नाही ते मात्र कळायचं नाही. कल्याणहून मुलगी, रुचिता, दर रविवारी यायची आणि आईच्या तोंडाकडे बघत बसायची. "आई, एकदा रड ना गं," असंसुद्धा म्हणून झालं. मंदाताईंनी प्रामाणिकपणे प्रयत्न केला. आलं नाही. शेवटी रुचितानेच मास्तरांना फोन करून ठाण्याजवळच्या येऊरच्या सहलीत आईचं नाव घातलं. मंदाताई जाते म्हणाल्या. नको म्हणायलाही काहीतरी वाटावं लागतं.

डिसेंबरातली सकाळ होती. बस ठाण्यात बाळकुम नाक्यावर थांबली आणि फेलिशिया डिमेलो चढल्या. मास्तरांच्याच शाळेत त्या गणित शिकवायच्या. बाळकुमच्या टॉवरांच्या मध्ये त्यांचं जुनं कौलारू घर अजून टिकून होतं. बाई अंगाने भरलेल्या, गुडघ्याला पट्टा, हातात भली मोठी कापडी पिशवी. मास्तरांनी त्यांना पुढची एकट्याची सीट दिली.

"तुमचा नंबर..." म्हणून मास्तर अडखळले. त्यांनी एकदा मंदाताईंकडे पाहिलं आणि पटकन नजर काढून घेतली. "चौदा घ्या. रिकामा आहे."

मंदाताई खिडकीशी बसल्या होत्या, शेजारच्या जागेवर त्यांनी आपली पिशवी ठेवली होती. नवऱ्याचा नंबर डोळ्यांदेखत दुसऱ्याला दिला गेला आणि आपल्याला काहीच होत नाही, ह्याची त्यांना थोडी लाज वाटली. तीही वरवरची.

"चला, नंबर!" मास्तर म्हणाले. तेरापर्यंत गाडी नीट आली आणि अडली.

"बाई, चौदा बोला."

"हां हां, चौदा! विसरलेच बघा."

"पंधरा," मंदाताई म्हणाल्या. त्यांना वाटलं होतं तेवढं जड गेलं नाही.

मग फेलिशियाबाईंनी सगळ्यांना फुगे वाटले. नाताळात करतात ते, मैद्याचे, तळलेले, गोलमटोल. मंदाताईंना त्यांनी छोटा डबाच दिला. "खा गो बाय, सकाळीच तळलेत. डबा मग दे जाताना." मंदाताईंनी मान हलवली आणि डबा पिशवीत टाकला.

येऊरला वनखात्याच्या चौकीपाशी बस थांबली. तिथून पुढे पायी. वाट दाखवायला मैथिली नावाची मुलगी होती, ठाण्याचीच, कॉलेजात वनस्पतीशास्त्र शिकलेली, पायात जाड बूट आणि गळ्यात दुर्बीण. तिने आधीच बजावलं, "आजी-आजोबा, ही बिबट्यांची हद्द आहे. वाट सोडायची नाही, आरडाओरडा नाही. आणि संध्याकाळी गेट बंद व्हायच्या आत बाहेर पडायचं."

चढ सोपा होता. मैथिली झाडं दाखवत होती. कांडोळाचं पांढरंफटक खोड दाखवलं, मंडळींनी फोटो काढले. ऐनाचं झाड दाखवलं. त्याची साल मगरीच्या पाठीसारखी चिरफाळलेली होती. "हात लावून बघा," मैथिली म्हणाली. सगळ्यांनी लावला आणि 'अगंबाई, काय खरखरीत आहे' केलं. मंदाताईंनीही लावला. खरखरीत असणार, हे त्यांना कळलं. माथ्यावरून एका बाजूला ठाण्याच्या इमारती आणि खाडी दिसली, दुसऱ्या बाजूला नुसतं रान. कुणीतरी म्हणालं, राणेसाहेब असते तर इथून हलले नसते. आणि मग ते कुणीतरी दुसऱ्या कुणाच्यातरी मागे जाऊन उभं राहिलं.

उतरताना मंडळी पांगली. गुडघेवाले मागे, उत्साही पुढे. मैथिली घड्याळ बघत सगळ्यांना हाकत होती. चौकीवरचा गार्ड गेटपाशी उभाच होता. सगळे दमले होते, एकदाचे बसमध्ये चढले, ठाण्यात उतरणारी मैथिलीही चढली, बाटल्या उघडल्या, बूट सैल केले. मास्तर दारात उभे होते, तोंड बाहेर करून गार्डशी बोलत. तसंच पाठमोऱ्याने ते ओरडले, "चला, नंबर!"

एक, दोन, तीन करत नंबर मागे आले. ड्रायव्हरने इंजिन सुरू केलं. बस जराशी हलली आणि शेजारच्या जागेवरची पिशवी कलंडून मंदाताईंच्या कोपराला लागली. तेवढ्यात मागून कुणीतरी म्हणालं, "तेरा."

"चौदा, पंधरा," मंदाताई म्हणाल्या. एका दमात.

ज्यांनी ज्यांनी ते ऐकलं, त्यांनी खाली पाहिलं. कुणी बाटलीचं झाकण लावलं. बिचारी, असंच सगळ्यांच्या मनात आलं. अशा वेळी बाईला टोकणार कोण? सोळा नंबरवाल्यांनी गडबडीने "सोळा" म्हणून टाकलं, सतरा, अठरा झाले, मास्तरांनी दार ओढून घेतलं आणि बस निघाली. चौदा नंबर आता दुसऱ्या कुणाचा आहे, हे त्या दयेत एकाच्याही लक्षात राहिलं नाही.

स्वतः मंदाताईंच्या तर कानावरही आलं नव्हतं आपण काय बोललो ते. घाट निम्मा उतरला. पिशवीत रुमाल शोधताना डबा हाताला लागला. जाताना परत द्यायचा होता. त्यांनी उघडून एक फुगा तोंडात टाकला. चव कळली नाही. डबा बंद करून, सीटांना धरत धरत त्या पुढे गेल्या.

पुढच्या सीटवर कापडी पिशवी होती. वर छत्री होती. छत्रीजवळ फोन होता. बाई नव्हत्या.

मंदाताई बघत राहिल्या. मग हळूहळू, खोल विहिरीतून घागर वर यावी तसं ते वर आलं. कोपराला काहीतरी लागलं होतं. आपण दोन्ही नंबर म्हटले होते.

"मास्तर, गाडी थांबवा. चौदा नंबर मी म्हटला."

मास्तर वळले. रिकामी सीट पाहून त्यांचा चेहरा उतरला. "ऐकलं होतं हो ताई," ते म्हणाले. "पण मला वाटलं... जाऊ दे म्हटलं..." त्यांनी हातानेच ड्रायव्हरला गाडी वळवायची खूण केली. शिट्टी मात्र उगाच हातात धरून राहिले.

बस वळवायला जागा मिळेपर्यंत आणखी खाली जावं लागलं. वर पोचले तेव्हा उन्हं गेली होती. गार्ड आधी मैथिलीवर खेकसला, मग आत जायचं फाटक उघडलं. "मी, मास्तर आणि गार्डदादा जातो," मैथिली म्हणाली. "बाकी कुणी उतरू नका."

"मी येणार," हातातला डबा आपल्या पिशवीत टाकत मंदाताई म्हणाल्या.

"आजी, अंधार पडेल. तुम्ही..."

"मी घालवलंय तिला. मी येणार."

वाटेवर पाचोळ्याचा आवाज होत होता. मास्तर "डिमेलोबाई! डिमेलोबाई!" म्हणून हाका मारत होते. मैथिलीने स्वतःचा नियम मोडून मास्तरांची शिट्टी घेतली आणि दोन-तीनदा वाजवली. उत्तर नाही. मंदाताई गार्डच्याही पुढे चालायला लागल्या. बऱ्याच महिन्यांनी त्यांना काहीतरी होत होतं आणि ती नुसती भीती होती. आणखी एक माणूस आपल्या शेजारून असंच, न सांगता जाणार, आणि आपण पुन्हा माणूस पाठवून जिलबी मागवणार.

त्यांनी तोंडाशी हात धरला आणि हाक निघाली ती जुनीच.

"चौदाऽऽ!"

हाक समोरच्या टेकडीवर जाऊन आली. मंदाताई थांबल्या. वाटेच्या वळणाकडे त्यांचे डोळे लागले, आणि खोटं कशाला बोला, त्या क्षणी त्या फेलिशियाबाईंची वाट बघतच नव्हत्या. हात पाठीमागे बांधून, तोंडात सुपारी घेऊन, सावकाश चालत येणाऱ्या माणसाची वाट बघत होत्या. कोणी आलं नाही.

"चौदाऽऽ! अहो चौदाऽऽ!"

"अगो, इकरं हाय मी! इकरं!" आवाज बांबूच्या बेटामागून आला.

फेलिशियाबाई दगडावर बसल्या होत्या, एक पाय लांब करून. उतरताना गुडघा धरला, जरा टेकले आणि उठताच येईना, असं त्यांनी सांगितलं. मघाच्या हाका आणि शिट्टी लांबून ऐकू आली, ओ दिली तर आवाजच निघेना, घसा सुकलेला. चेहरा ओढलेला होता, तरी बाई हसल्या. "मी घाबरले नाही हां फार. म्हटलं, मास्तर नंबर घेतात ना. चौदा आला नाही की येतील शोधायला."

मास्तरांनी मान खाली घातली. गार्ड आणि मैथिलीने बाईंना दोन्ही बाजूंनी धरून उठवलं.

"तुमचा नंबर मी म्हटला," मंदाताई म्हणाल्या. "माझ्यामुळे बस गेली. तो नंबर ह्यांचा होता. दोन्ही मीच म्हणायचे. आज तोंडातून गेलं."

फेलिशियाबाईंनी त्यांच्याकडे नीट पाहिलं. मुलाने चुकीचं उत्तर काढलं तरी रीत बरोबर असली की गणिताच्या बाई बघतात, तसं. मग मैथिलीचा खांदा सोडून त्यांनी मंदाताईंचा धरला. "चल. सावकाश चल पण. माझा पाय बघ."

बसमध्ये फेलिशियाबाई पुढे बसल्या नाहीत. मंदाताईंनी शेजारच्या जागेवरची पिशवी उचलून मांडीवर घेतली आणि त्या तिथे बसल्या. मास्तर आले. हलक्या आवाजात म्हणाले, "ताई, बाईंना शेवटचा नंबर देतो. चौदा आपण तसाच ठेवू."

"नको," मंदाताई म्हणाल्या. "रिकामा ठेवलात तर मी परत म्हणेन. त्यांच्याकडेच राहू दे."

मास्तरांनी ह्या वेळी तोंड आत करून, एकेकाकडे बघत नंबर घेतले. तेरा झाले. "चौदा!" फेलिशियाबाई वर्गात हजेरी घ्यावी तशा खणखणीत आवाजात म्हणाल्या.

मंदाताईंचं तोंड उघडलं आणि तसंच राहिलं. बस थांबून होती. ड्रायव्हरने आरशात पाहिलं, मास्तर थांबले, सोळा नंबरवालेही ह्या वेळी थांबले.

"पंधरा," मंदाताई म्हणाल्या.

बस घाटाला लागली. खाली ठाण्याचे दिवे लागले होते. फेलिशियाबाईंनी गुडघा चोळत विचारलं, "नाव काय गो त्यांचं?"

"राणे."

"राणे तुझं पण आहे. त्यांचं नाव काय?"

मंदाताईंनी खिडकीकडे पाहिलं, मग मांडीवरच्या पिशवीकडे. उखाणा सुचत नव्हता आणि लागतही नव्हता. आता हाक मारली तरी ओ देणारं कुणी नव्हतं. त्यांनी ओठ जुळवले, एकदा सोडून दिले, पुन्हा जुळवले.

"सीताराम," त्या म्हणाल्या.

तो आवाज त्यांचा त्यांनाच अनोळखी वाटला. त्यांनी पुन्हा एकदा म्हणून पाहिलं, जरा मोठ्याने, आणि मग त्या रडायला लागल्या. बसमध्ये सगळ्यांना ऐकू जाईल असं, तोंडावर पदरही न घेता. उपवनचं तळं मागे गेलं, बस माजिवड्याच्या सिग्नलला थांबली, सुटली, तरी त्या रडतच होत्या. फेलिशियाबाईंनी मंदाताईंच्या मांडीवरच्या पिशवीतून आपला डबा काढला, उघडला आणि त्यांच्या हातात एक फुगा दिला. मंदाताईंनी तो रडत रडतच खाल्ला. गोड होता.