नायिकेचा नारळ

गोड बोलून केसाने गळा कसा कापतात, हे विद्युल्लताबाई पायगुंड्यांना गणपतीच्या मंडपात, सगळ्या समाजादेखत कळलं. कापणारे ढुंढिराज गर्दे, म्हणजे गंगेकाठच्या दुर्गाघाटावरच्या मराठी नाट्यमंडळाचे अध्यक्ष, दिग्दर्शक आणि सर्वेसर्वा अण्णा. आणि कापलेल्या गळ्यात वर हारही घातला.

मंडळात दर वर्षी गणेशोत्सवाला एक नाटक व्हायचं आणि एकच पुरस्कार दिला जायचा, सहाय्यक अभिनेत्रीचा. तो सुरू केला होता अण्णांच्या आईने. तिला सगळे माई म्हणत. मंडळाच्या स्टेजवर उभी राहिलेली ही पहिली बाई. तिच्याआधी इथे मिशा उतरवलेले पुरुषच लुगडी नेसून मुरडत. माई जन्मभर आत्या, सासवा आणि मोलकरणी झाल्या. जाताना आपलं चांदीचं निरांजन मंडळाला देऊन म्हणाल्या, नायिकेला टाळ्या मिळतात, त्या तिला पुरेत. हे दर वर्षी नायिकेमागच्या दुसऱ्या बाईला द्या, वर्षभरासाठी.

माईंनंतर दुसरी बाई कोण, हे काही कुणाला विचारावं लागत नव्हतं. कसं उभं राहायचं, समोरचा वाक्य विसरला तर प्रेक्षकांना कळू न देता त्याला कसं सावरायचं, हे सगळं माईंनी विद्युल्लताबाईंना हाताला धरून शिकवलं होतं. पहिली काही वर्षं निरांजन वयाने मोठ्या बायकांकडे गेलं, तेही बाईंना मान्य होतं. चौऱ्याण्णव साली मात्र त्यांची आत्या इतकी रंगली की पंचगंगा घाटावरचे भटजीसुद्धा उपरण्याने डोळे पुसत घरी गेले. देव्हाऱ्यात बाईंनी निरांजनापुरती जागा मोकळी करून ठेवली होती.

अण्णा माइकसमोर आले. "या नाटकाची खरी नायिका कोण, सांगू? आमची विद्युल्लता. आत्या काढून घ्या, नाटकात उरतं काय? आणि अशा नायिकेला जिने तोलामोलाची साथ दिली, त्या निवेदिताला यंदाचं निरांजन."

निवेदिता म्हणजे अण्णांची सून. जबलपूरहून वर्षापूर्वी आलेली, आणि नाटकात पहिल्या प्रवेशापासून शेवटपर्यंत नायिका तीच होती. टाळ्या पडल्या. अण्णांनी विद्युल्लताबाईंना हार घातला आणि बाईंना कौतुकाबद्दल हात जोडून हसावंही लागलं. चोरी करायची ती करायची, वर जिच्याकडे चोरी केली तिच्याकडूनच आभार घ्यायचे. असा पाजीपणा अण्णांनाच सुचावा.

दुसऱ्या दिवशी निवेदिता निरांजन पदराखाली घेऊन दाराशी आली.

"काकू, सच सांगते, मला रात्रभर झोप नाही. हे तुमचं आहे. मी बाबांना म्हटलं, पण ते मानतच नाहीत. तुम्ही ठेवून घ्या ना."

पोर खरंच रडवेली झाली होती. बाईंनी तिला चहा दिला, पण निरांजनाला हात लावला नाही.

"तुझ्यावर माझा राग नाही, बेटा. पण तुझ्या हातून नको. ज्याने काढून घेतलं त्याच्या हातून पाहिजे, आणि तिथेच, सगळ्यांसमोर."

त्यानंतर बाईंनी वर्षभर तोंडातून ब्र काढला नाही. अण्णा भेटले की त्या हसून नमस्कार करायच्या आणि घरी येऊन डाळ जरा जास्तच घोटायच्या. सूड कसा घ्यायचा हे त्यांना दिवाळीतच सुचलं होतं. बाकी होती ती गुरुपौर्णिमा.

गुरुपौर्णिमेला नव्या नाटकाच्या तालमीचा नारळ फुटायचा. तो मागल्या वर्षीच्या नायिकेने फोडायचा आणि फोडल्यावर पहिली भूमिका तिने मागून घ्यायची. तिने मागितलेलं नाकारायचं नाही. पुरुषांनी आपसात बसून बायकांच्या भूमिका ठरवू नयेत म्हणून हा नियमही माईंनीच घातला होता. आजवर प्रत्येक नायिकेने पुन्हा नायिकेचीच भूमिका मागितली, त्यामुळे या नियमाला दातही आहेत, हे सगळे विसरून गेले होते.

आणि यंदाचं नाटक साधं नव्हतं. अण्णांच्या वडिलांनी लिहिलेलं आणि त्यांनीच गाजवलेलं, आंधळ्या शास्त्रीबुवांचं. आपल्या वयाची साठी झाली की शास्त्रीबुवा करायचा, हे अण्णांनी तरुणपणीच ठरवलं होतं. होळीपासून त्यांनी दाढी वाढवली होती. सकाळी डोळे मिटून, काठी टेकत ते घाटाच्या पायऱ्या उतरायचे तेव्हा मल्लाह लोक नाव थांबवून बघत राहायचे. म्हातारा या भूमिकेसाठीच जगत होता म्हटलं तरी चालेल.

मुहूर्ताला सगळे जमले. सवयीने कुणीतरी नारळ निवेदितापुढे धरला.

"इकडे आणा," विद्युल्लताबाई म्हणाल्या. "नायिका मी होते. अण्णांनीच जाहीर केलंय."

लोक हसले. अण्णाही हसले. "बरोबर आहे. द्या तिलाच."

बाईंनी एका दणक्यात नारळ फोडला.

"बोल, काय पाहिजे?" अण्णांनी विचारलं. "थोरली बहीण करतेस?"

"शास्त्रीबुवा."

पेटीवाले वेणीमाधवराव भाता ओढायचे थांबले.

"मजाक पुरे, विद्युल्लता."

"मजाक नाही. माईंचा नियम आहे."

"बाईमाणूस शास्त्रीबुवा होणार?"

"तुमचे वडील लुगडं नेसून द्रौपदी व्हायचे, अण्णा. तेव्हा कुणी विचारलं होतं?"

अण्णांनी वेणीमाधवरावांकडे पाहिलं. मंडळात वयाने तेच मोठे. "नियम तर आहे, भाई," ते खाली बघत म्हणाले.

"एक वाट आहे," बाई म्हणाल्या. "म्हणा, की गेल्या वर्षी मी नायिका नव्हते. एवढं एकच वाक्य. मग नारळ निवेदिताचा आणि शास्त्रीबुवा तुमचा."

आणि निरांजन माझं. हे काही बोलावं लागलं नाही, खोलीतल्या सगळ्यांना ते कळलं होतं. म्हणा, अण्णा, त्या मनात म्हणत होत्या. म्हटलं असतं तर त्यांनी त्याच क्षणी सगळं सोडून दिलं असतं. अण्णांनी दाढीवरून हात फिरवला, मान खाली घातलेल्या सुनेकडे पाहिलं, आणि ताठ झाले.

"नायिका तूच होतीस. घे शास्त्रीबुवा."

खोटं कबूल करण्यापेक्षा माणसाने जन्माची हौस सोडली. बाईंना जिंकल्यासारखं वाटायला हवं होतं, पण वाटला तो नुसता संताप. मग मोज किंमत, त्या मनात म्हणाल्या.

शास्त्रीबुवांना हाताला धरून फिरवणारा, त्यांचे पाय धुणारा गडी गोपाळा, ही एकच पुरुषभूमिका उरली होती. वडिलांच्या नाटकात आपण बाहेर बसणार नाही, म्हणून ती अण्णांनी घेतली आणि दुसऱ्याच दिवशी दाढी उतरवली. दिग्दर्शक म्हणून एक अट मात्र घातली. "माझे वडील रंगायला बसले की डोळे मिटायचे, ते शेवटचा पडदा पडेपर्यंत उघडत नसत. विंगेतही नाही."

"कबूल," बाई म्हणाल्या.

श्रावणात गंगा चढली, घाट बुडाले, पण तालमी थांबल्या नाहीत. अण्णा तालमीत दगडासारखं तोंड करून वावरायचे. असू दे, बाईंना वाटायचं, प्रयोगाच्या दिवशी बघते. सगळ्या समाजासमोर हा माणूस वाकून माझे पाय धुवेल, तेव्हा त्याचा चेहरा मला बघायचाय.

प्रयोगाला मंडप तुडुंब भरला. पहिल्याच अंकात बत्ती गेली, जनरेटर घरघरू लागला, पण एक माणूस हलला नाही. पाय धुण्याचा प्रवेश आला. परात ठेवल्याचा आवाज झाला, आणि तेव्हा कुठे बाईंच्या लक्षात आलं की आपले डोळे मिटलेले आहेत. वर्षभर जे बघण्यासाठी जीव टाकला ते पायाशी चाललं होतं, आणि त्या आंधळ्या होत्या.

पापणी किलकिली केली असती तरी पुरे होतं. पण मग शास्त्रीबुवा मेले असते, आणि तेवढा द्रोह माईंच्या चेलीला करवेना. पायावर पाणी पडलं. अण्णांनी घोटा धरला. आता त्यांनी विचारायचं होतं, "पाणी गार नाही ना, महाराज?" ते काही विचारेनात. रडत होते, चिडले होते की नुसते विसरले होते, कळायला मार्ग नव्हता. मंडपात लोक माना उंचावून बघू लागले. आणखी क्षणभर बाई गप्प बसल्या असत्या, तर अण्णांची उरलीसुरली अब्रूही परातीत गेली असती.

"गोपाळा, पाणी बरं आहे रे," बाईंच्या तोंडून निघून गेलं.

प्रवेश सावरला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. बाईंना स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावीशी वाटली. इतक्या वर्षांची सावरायची सवय, नेमकी आज आडवी आली.

पडदा पडला. त्यांनी डोळे उघडले तेव्हा अण्णा पाठ करून उपरण्याने तोंड पुसत होते. वळले तेव्हा रंग फिसकटला होता, पण चेहरा कोरडा होता आणि त्यावर अध्यक्षांचं ते नेहमीचं हसू परत आलं होतं.

"वा, विद्युल्लता. वडिलांची आठवण झाली."

"तुम्हीही छान केलंत, अण्णा," बाई म्हणाल्या. आवाज अगदी गोड होता. "तुमची साथ नसती तर शास्त्रीबुवा उभाच राहिला नसता. पण काय करणार? सहाय्यकाचं बक्षीस आपल्याकडे बायकांनाच आहे."

आता तो चेहरा त्यांना दिसला. त्यांनी तो सावकाश, पोटभर पाहून घेतला. मग आरशासमोर बसून त्या डिंकाने चिकटवलेली पांढरी दाढी ओढून काढू लागल्या.