रजेवरची सही

वकील नीलाताईंनी महामंडळाचं कोर्टातलं उत्तर पुढे सरकवलं, तेव्हा सुगंधाच्या मांडीवर लेकीचा, गंधालीचा, नुकता कुठे डोळा लागला होता.

नोकरीला सुगंधा आधी लागली, दीप्ती चार महिन्यांनी. तरी नव्या ज्येष्ठता यादीत दीप्ती वर चढली आणि अधीक्षकाची एकुलती एक खुर्ची तिला मिळाली. त्यावरच तर दावा होता. महामंडळाचं म्हणणं, बाईंनी यादी पाहिली, पंधरा दिवसांत हरकत घेतली नाही. पुरावा म्हणून ‘पाहिले’चा कागद, यादी पाहिल्याच्या सगळ्यांच्या सह्यांचा, जोडला होता. सुगंधाच्या नावापुढे सही, तारीख बारा मार्च.

गंधाली जन्मली अकरा मार्चला.

सहीखाली दोन ठिपके होते. असे ठिपके ऑफिसात एकटी दीप्ती द्यायची.

दुसऱ्या दिवशी घाटकोपरच्या ऑफिसात, जेवायच्या सुट्टीत, सुगंधाने तिला विचारलंच. दीप्ती जराही चपापली नाही.

“मीच केली गं. रजेवरच्या सगळ्यांच्या केल्या. कागद अडकून पडतो ना यार. गणपतीला मी चिपळूणला जाते, तेव्हा माझ्या तू नाही करत?”

करायची. आठ वर्षं करत आली होती. सेक्शनची रीतच होती ती. दीप्तीने घावणांचा डबा पुढे केला, बाळाला दात आले का विचारलं. सुगंधाला आपल्याच मनाची लाज वाटली. सही खोटी म्हटली तर हिची नोकरी जाईल. बाळंतपणात आळिवाचे लाडू घेऊन आलेली ही बाई. दावा मागे घ्यावा, असं ठरवूनच ती मुलुंडला घरी आली.

संध्याकाळी गंधालीने तोच कागद मुठीत धरला. एकेक बोट सोडवताना सुगंधाची नजर यादीच्या तळाशी गेली. चंद्रप्रकाश. गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी तोही तो अख्खा मार्च रजेवर होता. यादीत शेवटचा, कुणाच्याच वाटेत नसलेला. त्याच्या नावापुढे सही नव्हती. दीप्तीच्याच अक्षरात, स्वच्छ लिहिलं होतं, ‘रजेवर’.

सगळ्यांच्या केल्या म्हणे.

लाडू देताना दीप्तीने विचारलेलं तिला आता आठवलं. एकूण किती महिने रजा गं तुझी? तेव्हा त्यात मायाच वाटली होती.

तिने वकीलबाईंना फोन लावला. सही माझी नाही, असं लिहा म्हणाली. एकमेकींच्या सह्या करायची सेक्शनची रीतही सांगितली.

नीलाताईंनी सावध केलं. “मग दीप्ती तुम्ही केलेल्या सह्या बाहेर काढणार. चौकशी तुमच्यावरही लागेल. खुर्ची राहील बाजूला.”

सुगंधाने लेकीच्या मुठीतला शेवटचा कोपरा हळूच सोडवून घेतला. कागद फाटला नव्हता.

“तेही लिहा,” ती म्हणाली. “मी केलेल्या मीच सांगते.”

मग तिने कपाटातून हॉस्पिटलचं डिस्चार्ज कार्ड काढलं आणि त्या कागदाला टाचलं.